रेषेची नीयत

नगरपालिकेची निवडणूक जवळ आली की प्रभागांचा नकाशा लागतो आणि लोक त्यात आधी आपली गल्ली शोधतात. गल्ली जागेवरच असते, घरही तिथेच असते. पण कालपर्यंत एकत्र मत देणारे शेजारी आज दोन प्रभागांत गेलेले असतात. कुणाचेही नाव यादीतून कापलेले नसते. मग आपले काही हिरावले गेले, असे म्हणता येते का? आणि म्हटले तर ते सिद्ध कसे करायचे?

अमेरिकेतील अलाबामा राज्यातल्या टस्कीगी गावाने हाच प्रश्न न्यायालयापुढे नेला होता. तिथे वस्ती काळ्या लोकांची जास्त, पण मतदार यादीत त्यांना मोठ्या मुश्किलीने शिरता येई. तरी त्यांचे सुमारे 400 मतदार झाले होते. 1957 मध्ये राज्याच्या विधिमंडळाने गावाची हद्द बदलणारा कायदा केला. चौकोनी गाव 28 बाजूंचे वेडेवाकडे झाले. चार-पाच वगळता सगळे काळे मतदार हद्दीबाहेर गेले, गोरा मात्र एकही गेला नाही. ज्या टस्कीगी इन्स्टिट्यूटमुळे गावाचे नाव झाले, ती संस्थाही बाहेर पडली. कायद्यात वर्णाविषयी एक शब्दही नव्हता, होती ती केवळ मोजमापे.

तिथले प्राध्यापक चार्ल्स गोमिलियन आणि त्यांचे सहकारी न्यायालयात गेले. हद्द ठरवणे हा राज्याचा अधिकार आहे, असे सांगून खालच्या न्यायालयांनी त्यांना परत पाठवले. 1960 च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला. निकालपत्र लिहिले न्या. फ्रँकफर्टर यांनी. मतदारसंघांच्या राजकारणात न्यायालयाने पडू नये, असे 1946 मध्ये बजावणारे हेच न्यायमूर्ती. पण इथे त्यांनी हद्दीचा नकाशाच निकालाला जोडला. कायद्याचे शब्द नीयत लपवत होते, नकाशा ती उघड करत होता.

मला या निकालात एक नैतिक कसोटी दिसते. रेषा कुणी काढली, त्याला तसा अधिकार होता का, एवढे विचारून भागत नाही. तिने कुणाला बाहेर ठेवले, हेही विचारावे लागते.

आपल्याकडे मात्र ही वाट अरुंद आहे. 1993 मध्ये अमलात आलेल्या 74 व्या घटनादुरुस्तीतील कलम 243 झेडजी म्हणते की, नगरपालिकांच्या मतदारसंघांच्या सीमा आखणाऱ्या कायद्याची वैधता कोणत्याही न्यायालयात तपासता येणार नाही. हे वरवर अन्यायाचे वाटते. पण त्यामागेही कारण आहे. प्रत्येक रेषेवर खटला उभा राहिला तर निवडणूकच होणार नाही. मुंबई महानगरपालिकेची मुदत 2022 च्या मार्चमध्ये संपली आणि मतदान झाले ते 2026 च्या जानेवारीत. ओबीसी आरक्षण आणि प्रभागरचना यांच्या वादात मधली वर्षे प्रशासकाच्या हाती गेली. एका रेषेने काहींचे मत दुबळे होते. तारखांच्या या रांगेत सगळ्यांचेच मत थांबले.

म्हणजे न्यायालयाने दार लावले तरी अन्याय राहतो आणि सताड उघडले तरी तो दुसऱ्या रूपाने येतो. मग उरते ती माणसाची जबाबदारी. नकाशा आखणाऱ्याची तर आहेच, पण आपलीही आहे. प्रारूप प्रसिद्ध होते, हरकतींसाठी मुदत असते. त्या मुदतीत आपण काय करतो? आपली वस्ती फुटली तर आरडाओरड करतो, दुसऱ्याची फुटून आपला उमेदवार निवडून येणार असेल तर गप्प बसतो. तेव्हा आपली नीयत टस्कीगीच्या त्या नकाशाहून किती वेगळी असते?

हरकत नोंदवायला जाताना प्रत्येकाने स्वतःला एवढेच विचारावे: रेषेच्या पलीकडे मी राहत असतो, तर ही रेषा मला मान्य झाली असती का? उत्तर ‘नाही’ असेल, तर शेजारच्या वस्तीसाठीही एक अर्ज लिहावा.