भयानकाला पंगतीत जागा

आमच्या वाशिमचं जुनं नाव वत्सगुल्म. वाकाटक राजवंशाच्या एका शाखेची ही राजधानी. राजशेखराने ‘काव्यमीमांसे’त काव्यपुरुषाचं साहित्यविद्येशी लग्न लावलं, ते याच गावात. इथल्या सर्वसेन राजाने प्राकृतात ‘हरिविजय’ रचलं. त्यातली कृष्णाने स्वर्गातून पारिजात आणल्याची गोष्ट तेव्हाही घरोघरी ठाऊक होती. पण रसाला हवं तिथे कथेला वळण देण्याच्या बाबतीत काव्यशास्त्रकार आनंदवर्धनाने कालिदासापाठोपाठ सर्वसेनाचंच उदाहरण दिलं. गोष्ट कोणती, यापेक्षा रस कसा निभावला, ही त्या काळची पारख होती.

भरतमुनींनी मानलेल्या आठ रसांत भयानकही आहे आणि बीभत्सही. मग भुताची गोष्ट सांगणारा आपल्याकडे पंगतीबाहेर का बसतो? नारायण धारप आयुष्यभर भयकथा लिहीत राहिले. वाचनालयातल्या त्यांच्या पुस्तकांची पानं हाताळून हाताळून मऊ पडली, पण वाङ्मयाच्या चर्चेत त्यांचं नाव क्वचितच निघालं. वाचकांच्या प्रेमाचा हा अपमान होता, असं मला वाटतं.

म्हणून चित्रपट दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांच्या वाटचालीकडे मी फार आस्थेने पाहतो. ‘थँक यू मिस्टर ग्लाड’ लिहिणाऱ्या अनिल बर्वे यांचा हा मुलगा. 2008 मध्ये त्याने ‘मांजा’ हा लघुपट केला. डॅनी बॉयल या ब्रिटिश दिग्दर्शकाला तो इतका आवडला, की ‘स्लमडॉग मिलियनेर’च्या ब्लू-रे तबकडीवर त्याने या लघुपटाला जागा दिली. बॉयलने स्वतः ‘28 डेज लेटर’सारखा भयपट केला आहे, आणि त्याच्या देशात असा चित्रपट केल्याने दिग्दर्शकाची जात ठरत नाही.

बर्वे यांच्या ‘तुंबाड’ या चित्रपटाचं बीज धारपांच्या कथेतलं, नाव श्री. ना. पेंडशांच्या ‘तुंबाडचे खोत’वरून घेतलेलं. चित्रीकरण 2012 मध्ये सुरू झालं, चित्रपट लोकांसमोर आला 12 ऑक्टोबर 2018 रोजी. मधली सहा वर्षं पुन्हा चित्रीकरण, पुन्हा संकलन यांत गेली. पाऊस थांबतच नाही असं कोकणातलं गाव, देवीच्या गर्भात कोंडलेला तिचा लोभी मुलगा हस्तर, त्याच्यापुढे टाकायच्या कणकेच्या बाहुल्या आणि त्याच्या लंगोटातून ओरबाडलेल्या मोहरा. यात दचकवणारे प्रसंग आहेत, पण जिवाचं पाणी होतं ते नायक विनायक आपल्या कोवळ्या पोराला हस्तरापर्यंत नेणाऱ्या विहिरीत उतरायला शिकवतो तेव्हा. बाप मुलाला वारसा म्हणून हाव देतो. वाटण्या आणि बांधांवरून भावाभावांत कज्जे चाललेल्या आमच्या भागात हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. इथे भयानक रस अलंकारासारखा वरून चढवलेला नाही. तोच या कथेचा श्वास आहे.

पहिल्या वेळी चित्रपटगृहांत गर्दी बेताचीच झाली. 13 सप्टेंबर 2024 रोजी तो पुन्हा लागला आणि पहिल्या खेपेपेक्षा जास्त कमाई करून गेला. समीक्षेपाठोपाठ प्रेक्षकांनीही त्याला पंगतीत घेतलं.

सर्वसेनाचं ‘हरिविजय’ आज आपल्याकडे अखंड नाही. इतरांनी आपल्या ग्रंथांत उतरून घेतलेल्या गाथांमधूनच ते उरलं आहे. धारपांची पुस्तकं मात्र अजून कपाटात आहेत. गावच्या वाचनालयात जाल तेव्हा त्यातलं एक मागून घ्या, आणि ते कसं वाटलं ते चारचौघांत मोकळेपणाने बोला.