रत्तलभर धान्याचा हिशेब

(मामलेदारीतून निवृत्त झालेले मामा आणि दुष्काळी कामांवर नुकतीच नेमणूक झालेला त्यांचा भाचा यांच्यातील संभाषण.)

भाचा : मामा, 1873-74 च्या बिहारच्या दुष्काळात ज्या सर रिचर्ड टेंपल यांनी ब्रह्मदेशातून लक्षावधी टन तांदूळ आणवून भूकबळी जवळजवळ टाळले, त्यांनीच तीन वर्षांनी मद्रास आणि मुंबई इलाख्यांत दिवसभर राबणाऱ्या गड्याला एक रत्तल धान्य आणि एक आणा पुरेसा आहे असे ठरवावे, याची संगती कशी लावायची?

मामा : बिहारमध्ये माणसे मेली नाहीत, म्हणूनच तो दुष्काळ फारसा भयंकर नसावा, असा निष्कर्ष वरिष्ठांना काढता आला, धान्य उरले, ते तोट्यात विकावे लागले आणि टेंपल यांच्यावर उधळेपणाचा ठपका आला. टळलेल्या मृत्यूची नोंद कोणत्याच दफ्तरात होत नाही, खर्चाची मात्र पैपर्यंत होते. अशा दफ्तरावर ज्याची बढती अवलंबून असते, त्याच्या विवेकाला ते हळूहळू आपल्या मापाचे करून घेते, आणि मला टेंपल यांच्या ऱ्हासाचे मूळ तेथेच दिसते.

भाचा : पण खजिना रयतेचाच ना? हजेरीपटावर खोटी नावे चढविणारे मुकादम मी रोज पाहतो. सढळ हाताने दिलेले गरजूपर्यंत पोहोचतेच असे नाही.

मामा : शंका रास्त आहे, मुकादमाला अवश्य पकड. पण दोन्ही चुकांना एकाच तागडीत घालू नकोस. जास्त आणलेले धान्य विकता येते. कमी दिलेल्या धान्याची भरपाई पुढच्या वर्षीच्या अंदाजपत्रकात करता येत नाही.

भाचा : आणि दरच वरून ठरून आला तर? राजीनामा द्यावा, तर माझ्या जागी कदाचित निर्दय माणूस येईल. राहावे, तर त्या दराखाली सही माझी.

मामा : मद्रासचे सॅनिटरी कमिशनर डॉक्टर कॉर्निश पदावर राहिले आणि एवढ्या अन्नावर कष्टकरी शरीर टिकत नाही, दीड रत्तल धान्य आणि वर डाळ-भाजी हवी, असे सरकारला लिहीत राहिले. इकडे दख्खनमध्ये तर मजुरांनीच कामे सोडली, आणि पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची कैफियत सरकारपुढे मांडली.

भाचा : पण कागद वर जाऊन हुकूम फिरेपर्यंत जे मेले, त्यांचे काय?

मामा : त्याला माझ्याजवळ उत्तर नाही, आणि कोणी उत्तर देऊ लागला तर त्याच्यावर विश्वास ठेवू नकोस. तू एवढे कर : जे खडी फोडण्याच्या अवस्थेत नाहीत त्यांना उद्याच फुकट शिध्याच्या यादीत घे, मजुरांची वजने लिहून ठेव, आणि दर अपुरा असल्याचा शेरा स्वतःच्या सहीने वर पाठव. टेंपल यांचा तो दर मद्रास सरकारने 1877 सालीच वाढविला. त्याच वर्षी टेंपल मुंबईचे गव्हर्नर झाले.