दृष्टिआड सृष्टी

गेल्या उपवासकाळातील गोष्ट. युवकांच्या मेळाव्यात इंद्रियसंयमावर चार शब्द बोलून आम्ही व्यासपीठावरून खाली उतरलो, तोच अभियांत्रिकीचे शिक्षण घेणारा एक तरुण जवळ आला. "फादर, डोळ्यांचा उपवास मी अगोदरच सुरू केला आहे," असे म्हणून त्याने आपला लॅपटॉप आमच्यापुढे उघडला. पडद्यावर एका समाजमाध्यमाचे पान होते, परंतु आमच्या रोजच्या परिचयाचे ते पान आम्हांस ओळखू येईना. उजव्या बाजूची जाहिरातींची रांग गेलेली, वर सरकणारी चित्रफितींची पट्टी गेलेली, 'या व्यक्ती कदाचित तुमच्या ओळखीच्या असतील' म्हणून पुढे केले जाणारे परके चेहरे गेलेले, घंटेवरचा लाल आकडाही गेलेला. मधोमध उरली होती त्याच्या मित्रांनी लिहिलेली चार वाक्ये आणि भोवताली पुष्कळशी पांढरी जागा. सणाच्या आदल्या दिवशी पसारा माळ्यावर टाकून झाडलेली ओटी दिसते, तसे ते पान दिसत होते.

आम्ही कौतुक केले. तो मात्र कौतुकाने फुलला नाही. "पण फादर, हा उपवास खरा का? मी सोडलं तर काहीच नाही. फक्त दिसेनासं केलं." त्या वेळी मिस्साची घंटा आमच्या मदतीस धावली. पुढे तोच प्रश्न आमच्या पाठीस लागला, आणि त्याच तरुणाकडून ते साधन आमच्या कार्यालयातील संगणकावर बसवून घेतल्यानंतर तर अधिकच.

हे दिसेनासे करणे घडते कसे, ते आधी सांगितले पाहिजे. संकेतस्थळाचे पान हे या त्रैमासिकाच्या अंकासारखे छापून, शिवून आपल्या हाती येत नाही. येतो तो मजकूर, आणि तो कसा मांडावा याविषयीच्या सूचना. त्या वाचून प्रत्यक्ष पान रचण्याचे काम आपल्याच यंत्रातला ब्राउझर करीत असतो. म्हणजे कंपोझिटर आपल्या घरी बसलेला आहे. यूब्लॉक ओरिजिनसारखे एक्स्टेंशन त्याच्या कानात एवढेच सांगते की, अमुक चौकट रचू नकोस. त्यासाठी संगणकाच्या भाषेत 'डिस्प्ले नन' अशी दोन शब्दांची आज्ञा आहे. त्याच भाषेत दुसरीही एक आज्ञा आहे, 'व्हिजिबिलिटी हिडन'. तिने वस्तू अदृश्य होते, परंतु तिची जागा रिकामी राहते. पहिलीने जागाही उरत नाही. खालचा मजकूर वर सरकतो आणि पान असे सांधले जाते की तेथे कधी काही होते याची खूणही राहू नये. हा भेद वाचकांनी ध्यानात ठेवावा. (फोनवरच्या ॲपमध्ये मात्र यांपैकी काहीच करता येत नाही. तेथे कंपोझिटरही त्यांचाच.)

आता त्या तरुणाचा प्रश्न. आमचे एक वडीलधारे धर्मगुरुबंधू म्हणाले, "समोर असूनही न पाहणे याला संयम म्हणतात. झाकूनच टाकले तर त्यात पुण्य ते कसले?" सेमिनरीत आम्हांलाही 'डोळ्यांची राखण' याच रीतीने शिकविली गेली होती. वस्तू जागच्या जागी असायची, आणि खाली घालायची ती आपली मान. तरीही बंधूंचे म्हणणे आम्हांस पूर्णपणे पटले नाही, आणि न पटण्यास कारण संत ऑगस्टीन. आपला मित्र अलिपियस याची हकीकत त्याने 'कन्फेशन्स'च्या सहाव्या भागात सांगितली आहे. मित्रांनी अलिपियसला रोममधील क्रीडागारात ओढून नेले. माणसे माणसांना ठार मारतात तो खेळ आपण पाहणारच नाही, अशा निश्चयाने तो डोळे मिटून बसला. तेवढ्यात लोकांचा एकच कल्लोळ उठला. काय झाले ते बघून तुच्छतेने पुन्हा डोळे मिटू, एवढ्या आत्मविश्वासाने त्याने ते उघडले, आणि मग ते मिटलेच नाहीत. कानही झाकले असते तर बरे झाले असते, असे ऑगस्टीन हळहळून म्हणतो. निश्चय दुबळा होता म्हणून तो पडला असे नव्हे. निश्चयाला भिंतीचा आधार नव्हता म्हणून पडला.

खुद्द ऑगस्टीनची कबुली तर याहून साधी आणि आम्हांस अधिक जवळची आहे. दहाव्या भागात, बिशप झालेला हा प्रकांड पंडित लिहितो की, घरात बसलेलो असताना पाल माशी पकडू लागली, किंवा कोळी आपल्या जाळ्यात तिला गुंडाळू लागला, की माझे लक्ष तिकडे जाते. हलत्या वस्तूकडे वळणे हा डोळ्याचा स्वभाव आहे. निर्मात्यानेच तो तसा घडविला. मात्र ऑगस्टीनच्या घरातील पाल स्वतःच्या पोटासाठी माशी धरीत होती, ऑगस्टीनला भुलविण्यासाठी नव्हे. आज पडद्यावर जे हलते, चमकते, लाल होते, ते आपली नजर धरण्यासाठीच तेथे ठेवलेले असते. पान कधी संपूच नये अशी अखंड सरकत्या पानाची युक्ती २००६ साली योजणाऱ्या अझा रास्किन यांनीच पुढे तिच्याविषयी जाहीर खेद व्यक्त केला. या घरात माशीची जागा आपण घेतली आहे. आणि पश्चात्तापाच्या प्रार्थनेत आपण काय म्हणतो? पाप टाळीन एवढेच नव्हे, पापाचे प्रसंगही टाळीन. प्रसंग टाळणे ही दुबळ्यांसाठी दिलेली सवलत आहे असे तेथे कोठेही म्हटलेले नाही.

येथे कोणी दुसरा आक्षेप घेईल, आणि तो आम्हांस अधिक बोचतो. ही सेवा फुकट मिळते. तिचा खर्च जाहिरातींतून निघतो. मग जेवायचे आणि वाढप्याकडे पाठ फिरवायची, हे न्यायाचे का? जाहिरातींपुरते आमचे मन अद्याप पूर्ण स्वच्छ नाही. लहान नियतकालिके कशावर जगतात ते आम्ही जाणून आहोत. वर्तमानपत्रातील जाहिरातीचे पान न वाचता उलटणे हा वाचकाचा हक्क कोणीही नाकारला नव्हता, आणि त्या जाहिराती वाचकाकडे उलट टक लावून पाहतही नव्हत्या, असे उत्तर आम्ही स्वतःला देतो. रोज ते पुरतेच असे नाही. पण लाल आकडे, परके चेहरे, 'तुमच्यासाठी सुचविलेले' या गोष्टी जेवणाचा मोबदला नव्हेत. वाढप्याने खांद्यावर हात ठेवून पुन्हापुन्हा खाली बसवावे, तशातला तो प्रकार आहे.

शिवाय आपल्या घरात काय मांडावे हे ठरविण्याचा अधिकार किती वादग्रस्त झाला आहे, ते पाहण्यासारखे आहे. ऑगस्ट २०१६ मध्ये फेसबुकने जाहिराती झाकणाऱ्या साधनांना निष्प्रभ करण्याचा उपाय जाहीर केला. दोनच दिवसांत त्यावर तोड निघाली. तिच्यावर पुन्हा कंपनीची तोड. 'स्पॉन्सर्ड' या शब्दाची अक्षरे सुटी करून त्यांत न दिसणारी फसवी अक्षरे मिसळण्यापर्यंत मजल गेली, हेतू हा की यंत्राला तो शब्द वाचता येऊ नये. लुई बार्कले या ब्रिटिश प्रोग्रॅमरने 'अनफॉलो एव्हरीथिंग' नावाचे साधन तयार केले होते. त्याने मैत्री तुटत नसे. फक्त मुख्य पानावर आपोआप वाहत येणारा मजकूर थांबे, आणि मित्राची खबर हवी असेल तर त्याच्या दारी स्वतः जावे लागे. २०२१ मध्ये कंपनीच्या वकिलांचे पत्र आले, बार्कले यांचे खाते कायमचे बंद झाले आणि साधन मागे घ्यावे लागले. तसेच साधन बनविण्याचा हक्क मिळावा म्हणून मॅसॅच्युसेट्स विद्यापीठातील प्राध्यापक एथन झुकरमन (कंपनीचे प्रमुख झुकरबर्ग, ते निराळे) मे २०२४ मध्ये न्यायालयात गेले. साधन अजून बनलेलेच नाही, तेव्हा दावा अकाली आहे, असे म्हणून त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात न्यायालयाने तो फेटाळला. मूळ प्रश्न अनिर्णित राहिला.

आम्ही स्वतः सर्वांत प्रथम काढले ते आकडे. बेंजामिन ग्रॉसर या अमेरिकन कलावंताने २०१२ साली केवळ एवढ्यासाठीच एक साधन बनविले होते. ते फेसबुकवरील सर्व संख्या पुसून टाकी. पुढे २०१९ मध्ये इन्स्टाग्रामने कॅनडापासून सुरुवात करून लाइकचे आकडे झाकून पाहिले आणि २०२१ मध्ये ते झाकण्याची मुभा सर्वांना दिली. आकडे गेल्यावर पहिले आठ दिवस आमची नजर त्या रिकाम्या जागी घुटमळत असे, हे कबूल करावयास हवे. प्रवचनातील एखादा विचार आम्ही तेथे लिहिला, आणि तो किती जणांस आवडला हे कळेनासे झाले, तेव्हा तो आम्हांला स्वतःला आवडतो की नाही, हे प्रथमच तपासावे लागले. कोणाच्या वडिलांच्या निधनाच्या वार्तेखाली अंगठ्यांची संख्या दिसणे थांबले, त्यानेही बरे वाटले. तो आकडा तेथे इतकी वर्षे आपण कसा खपवून घेतला, कोण जाणे.

मग आम्हांला त्याची चटक लागली. रोज काहीतरी झाकावे. आज वाढदिवसांची चौकट, उद्या आठवणींची. याच भरात एके रात्री आम्ही एक छोटी ओळ झाकली. मित्रयादीत नसलेल्यांनी पाठविलेले निरोप जेथे साठतात, त्या कप्प्याची ती ओळ होती. त्यात बहुधा लॉटरी, कर्जे आणि न शोभणारी छायाचित्रे येत. ओळ गेली, खालची वर सरकली, पान सांधले गेले. पंधरा दिवसांत ती तेथे होती हेही आम्ही विसरलो.

जुलै महिन्यात दुसऱ्याच्या संगणकावर आमचे खाते उघडण्याचा प्रसंग आला आणि तो कप्पा दिसला. त्यात कुवेतहून आलेला एक निरोप होता. लिहिणारा आमच्या ओळखीचा नव्हता. त्याची आई स्टेशनजवळच्या नव्या इमारतींपैकी एकीत अलीकडेच राहावयास आली होती, घरी एकटी, आजारी. त्याला रजा मिळत नव्हती. 'फादर, एकदा तिला बघून याल का? कम्युनियन मिळालं तर तिला बरं वाटेल,' एवढेच त्याने मागितले होते. निरोपाला तेवीस दिवस झाले होते. आम्ही त्याच संध्याकाळी गेलो. दाराला कुलूप होते. शेजारच्या बाईंनी सांगितले की, आठ दिवस त्या इस्पितळात होत्या, मग मुलगी येऊन नाशिकला घेऊन गेली. "तुम्ही येणार म्हणून दोनतीनदा म्हणाल्या होत्या," असेही त्या म्हणाल्या. आम्ही मुलाला लिहिले, क्षमा मागितली. उत्तर आले, 'ठीक आहे फादर.'

यात दोष कोणा कंपनीचा नाही, त्या तरुणाच्या साधनाचाही नाही. दाखल्यातील श्रीमंत माणसाने लाजराला दारातून हाकलून दिले असे लूकच्या शुभवर्तमानात कोठेही लिहिलेले नाही. त्याच्या पानावर लाजर रचलाच गेला नव्हता, एवढेच. नको असलेली चौकट आणि नको असलेला माणूस यांतला भेद ब्राउझरला कळत नाही; तो त्याने कळावा अशी अपेक्षाही नाही. तो आम्ही करावयाचा होता, आणि लॉटरीवाल्यांच्या त्राग्यापायी आम्ही तो केला नाही. वस्तू झाकण्याची मुभा आम्ही आजही आमच्याकडे ठेवतो, माणसाचे दार झाकण्याची ठेवीत नाही, त्या दारातून रोज कितीही कचरा आत येवो.

उपवासकाळाच्या शेवटी आमच्या चर्चमध्ये मूर्ती जांभळ्या वस्त्राने झाकल्या जातात. वस्त्राखाली आकार दिसत राहतो; कोण झाकलेले आहे हे लहान मुलालाही सांगता येते; आणि वस्त्र निघणार हेही सर्वांना ठाऊक असते. त्या धर्तीवर आम्ही आता एक वही ठेवली आहे. जे जे झाकले ते तारखेसह तीत लिहावयाचे, आणि महिन्यातून एकदा साधन बंद करून सगळा पसारा डोळ्यांखालून घालावयाचा. तो दिवस फार कंटाळवाणा असतो.

आणखी एक गोष्ट मनाला लागून राहिली आहे. त्या तरुणाने स्वतःचे पान स्वच्छ केले, आम्ही आमचे केले. त्याच्या आजीच्या फोनवर मात्र सगळे जसेच्या तसे आहे. तिला कोणता मजकूर नातवाचा आणि कोणता जाहिरातदाराचा हे सांगता येत नाही. युरोपीय संघाच्या कायद्याने मोठ्या समाजमाध्यमांना, वापरणाऱ्याची टेहळणी करून बेतलेली नसेल अशी मांडणी निवडण्याची सोय द्यावी लागते. आपल्याकडेही ३० नोव्हेंबर २०२३ रोजी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ग्राहकास फसविणाऱ्या तेरा प्रकारच्या मांडण्यांना मनाई केली. पुन्हापुन्हा विनवून भंडावणे हा त्यांतील एक. कायदा कागदावरून आजीच्या फोनपर्यंत पोहोचेल तेव्हा पोहोचेल. तोवर रविवारी दुसऱ्या मिस्सानंतर पॅरिश हॉलमध्ये दोन बाके मांडून तो तरुण आणि त्याचे मित्र बसतात, आणि वडीलधाऱ्यांच्या फोनवरील नको त्या सूचना बंद करून देतात. ॲपमध्ये तेवढेच शक्य आहे.

परवा बाके उचलून झाल्यावर तो कार्यालयात आला. त्याचा मूळ प्रश्न आम्ही विसरलो नव्हतो. उत्तर म्हणून ती वही त्याच्यासमोर ठेवली. त्याने ती पानोपान वाचली आणि एका ओळीवर बोट ठेवले. "फादर, ही एकच ओळ खोडलेली का?" मग त्याला कुवेतच्या निरोपाची हकीकत सांगावी लागली. तो बराच वेळ काही बोलला नाही. नंतर त्याने स्वतःचा लॅपटॉप उघडला आणि आपण काय काय झाकले आहे, ते एका कागदावर लिहू लागला.