घाबरलेल्याची पकड

न्यू जर्सीच्या किनाऱ्यावर उन्हाळा लागला की वाइल्डवुड, ओशन सिटी अशा गावांच्या बोर्डवॉकवर, टी-शर्ट आणि आइस्क्रीमच्या दुकानांच्या गर्दीत, तारेचे छोटे पिंजरे मांडलेले दिसतात. आत पाठीवर शंख घेऊन चढउतार करणारे खेकडे असतात. शंखांवर फुटबॉल, हसरे चेहरे, कार्टूनमधली पात्रं रंगवलेली. हे हर्मिट क्रॅब. किंमत इतकी कमी, की मुलाने हट्ट धरला तर नाही म्हणायला कारण सुचत नाही. सुट्टीत तिकडे गेलेल्या मराठी घरांतही असा एखादा खेकडा येऊन पोचतो. थोड्याच दिवसांत पहिला चिमटा बसतो, रडारड होते आणि आईबाबांना प्रश्न पडतो: याने चिमटा काढू नये म्हणून काय करायचं?

उत्तर अवघड नाही. ते पाळायचं तर आधी खेकड्याच्या जागी जाऊन पाहावं लागतं, एवढंच.

या खेकड्याचं मागचं अंग मऊ आणि वेटोळलेलं असतं. त्यावर कवच नसतं, म्हणून मेलेल्या गोगलगायीचा रिकामा शंख शोधून तो त्यात शिरतो. त्याच्या दहा पायांपैकी मागचे चार अगदी लहान, आतून शंख धरून ठेवण्यापुरते. मधल्या चारांवर तो चालतो. पुढचे दोन म्हणजे नांग्या. त्यांतली डावी मोठी. धोका जाणवला की तो सगळं अंग आत ओढून घेतो आणि या मोठ्या नांगीने शंखाचं तोंड बंद करतो. आपल्याला चिमटा काढणाऱ्या नांगीचं एक मोठं काम हे असं घर लावून घेण्याचं आहे.

मग तो बोट का धरतो? बहुतेक वेळा पडायच्या भीतीने. अमेरिकेत सर्वाधिक विकला जाणारा कॅरिबियन खेकडा किनाऱ्यावरच्या झाडाझुडपांत वावरणारा आणि चढण्यात पटाईत. त्याच्यासाठी पकड सुटणं म्हणजे कोसळणं. आपण त्याला वर उचलतो तेव्हा पायाखालची जमीन नाहीशी होते. तळहातावर ठेवतो, तर तो मऊ, उबदार आणि सतत हलणारा. खेकडा आधार शोधतो. नांगीच्या टप्प्यात कातडीची चुणी आली की ती धरून ठेवतो. लोकलला अचानक ब्रेक लागला की आपण शेजारच्या अनोळखी माणसाचा दंड घट्ट धरतो, तेव्हा त्याच्याशी आपलं काही वैर नसतं.

एवढं कळलं की बाकीचे नियम आपोआप सुचतात. नवा आणलेला खेकडा काही आठवडे हातात घेऊच नये. त्याला स्थिरावू द्यावं. हात आधी धुवावेत, कारण क्रीम, सनस्क्रीन, डास पळवणारं मलम हे त्याला घातक. नंतरही साबणाने धुवावेत, कारण अशा प्राण्यांकडून साल्मोनेलासारखे जंतू येऊ शकतात. उचलायचं तर शंखाच्या मागच्या बाजूने, हळूच. मग तळहात सपाट आणि ताणलेला ठेवायचा, बोटं एकमेकांना चिकटलेली, म्हणजे धरायला चुणी मिळत नाही. जमिनीवर बसून, वाळूच्या किंवा जाड टॉवेलच्या जेमतेम वर हात ठेवायचा. उंचावरून पडल्यास तो मरूही शकतो. वेळ थोडाच ठेवायचा. तो जमिनीवर राहत असला तरी श्वास घेतो बदललेल्या कल्ल्यांनीच, आणि ते ओलसर राहावे लागतात. एसीच्या कोरड्या खोलीत हातोहात फिरणारा खेकडा आपल्याला खेळताना दिसतो. प्रत्यक्षात त्याची घुसमट होत असते.

इतकं करूनही धरलंच, तर? पहिली ऊर्मी हात झटकण्याची असते, आणि नेमकं तेच करायचं नाही. ओढलं की तो आणखी घट्ट धरतो. शंखातून बाहेर खेचू पाहिलं तर अंग फाटेल, पण तो शंख सोडणार नाही. पायावर जोर पडला तर पाय तुटून हातात येईल. हात वाळूला टेकवायचा, त्याचे पाय जमिनीला लागू द्यायचे आणि थांबायचं. आधार मिळाला की पकड बहुधा सुटते. नाहीच सुटली तर कोमट पाण्याची बारीक धार सोडायची. क्लोरीन काढलेलं पाणी असेल तर उत्तम. दुखत असताना शांत राहणं कठीण असतं. पण त्या क्षणी दोघांपैकी शांत राहणं एकालाच शक्य आहे, आणि तो खेकडा नाही.

आपल्याकडे खेकड्याचं नाव निघालं की टोपलीची गोष्ट ठरलेली. टोपलीला झाकण लागत नाही, कारण एक वर चढला की दुसरा त्याला खाली ओढतो. मराठी माणसाचंही तसंच. पिढ्यान्‌पिढ्या ही गोष्ट भाषणांतून सांगितली जाते आणि श्रोते हसून माना डोलावतात. त्या टोपलीत कोंडलेल्या खेकड्याचा विचार मात्र कोणी करत नाही. खाली गर्दी, वर उजेड, आणि चढायला हाताशी येईल ते धरायचं. हाताशी येतो तो शेजाऱ्याचा पाय. मत्सर आपण आपल्या पदरचा घातला. हर्मिट क्रॅबना मोकळेपणी वागू दिलं तर काय दिसतं? आयव्हन चेस या अमेरिकी समाजशास्त्रज्ञाने १९८०च्या दशकात त्यांच्या ‘मोकळ्या घरांच्या साखळी’चा अभ्यास केला. एक मोठा शंख रिकामा सापडला की एक खेकडा त्यात शिरतो, त्याने सोडलेल्या घरात त्याहून लहान जातो, त्याच्या घरात आणखी लहान. कधी कधी तर आकाराच्या क्रमाने रांगच लागते आणि एका रिकाम्या शंखामुळे अनेकांची सोय होते. शंखांसाठी ते भांडतातही, एकमेकांना हुसकावतातही. पण टोपलीच्या गोष्टीतला खेकडा हा काही सगळा खेकडा नव्हे.

त्याला दुखतं का, हा प्रश्नही आता टाळता येणार नाही. बेलफास्टच्या क्वीन्स विद्यापीठातले रॉबर्ट एलवूड आणि मिर्यम ॲपेल यांनी २००९ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. समुद्रातल्या हर्मिट क्रॅबना शंखाच्या आत विजेचे सौम्य झटके दिले. ज्यांना झटके मिळाले त्यांपैकीच काही शंख सोडून बाहेर पडले. नावडत्या प्रकारच्या शंखातले जास्त, आवडत्या शंखातले कमी. नुसती प्रतिक्षिप्त क्रिया असती, तर घर आवडीचं आहे की नाही याने फरक पडायला नको होता. त्रास आणि घर यांत काहीतरी तोलून पाहिलं जात होतं. अशा अनेक पुराव्यांचा आढावा घेऊन ब्रिटनने २०२२ च्या प्राणीसंवेदना कायद्यात खेकडे, शेवंडं, कोळंबी यांनाही सामावून घेतलं. ज्याचं जळतं त्याला कळतं म्हणतात. खेकड्याला बोलता येत नाही, म्हणून त्याचं जळणं आपण एवढी वर्षं जमेस धरलंच नव्हतं.

घट्ट पकडीमागे बहुतेक वेळा भीती असते, या समजुतीने माणसांकडे पाहिलं तर काही गोष्टी वेगळ्या दिसतात. दिवसातून दहा वेळा फोन करून ‘कुठे पोचलास’ विचारणारी म्हातारी आई, रुजू झाल्यापासून प्रत्येक सूचनेला ताडकन उत्तर देणारा नवा सहकारी, घटस्फोटानंतर वडिलांचा हात न सोडणारं मूल. यांच्या पकडीचा आपल्याला जाच होतो आणि आपण तिला स्वभाव म्हणून मोकळे होतो. हे सरसकट लावता मात्र येणार नाही. घट्ट धरणारा प्रत्येक जण भेदरलेला नसतो. वरच्या खुर्चीत बसून हाताखालच्यांना आवळणाऱ्या साहेबाला ही सवलत देण्याचं कारण नाही. त्याच्या पायाखाली जमीन पक्की आहे. कोणी कोणाला उचललं, कोणाचे पाय अधांतरी आहेत, हे पाहूनच सबुरी कोणी दाखवायची ते ठरतं.

आणि खेकड्याला तर उचललं आपणच. तेही हातावर घेण्याच्या कितीतरी आधी. बाजारातले जवळजवळ सगळे हर्मिट क्रॅब जंगली किनाऱ्यांवरून पकडून आणलेले असतात. त्यांच्या पिल्लांचं बालपण समुद्रात तरंगत जातं, त्यामुळे घरात पैदास करणं अतिशय कठीण. योग्य जागा मिळाली तर हा प्राणी ३० वर्षांहूनही जास्त जगू शकतो. तारेच्या पिंजऱ्यात बरेचसे काही महिन्यांतच मरतात. जपानने जमिनीवरच्या हर्मिट क्रॅबना १९७० मध्येच राष्ट्रीय नैसर्गिक ठेव्याचा दर्जा दिला. बोर्डवॉकवर त्याच जातकुळीचा जीव रंगीत शंखात बसून आइस्क्रीमच्या भावात विकला जातो.

आपलेही हात यातून सुटत नाहीत. रत्नागिरी, मालवणच्या खडकांत, अगदी मुंबईच्या किनाऱ्यावरही ओहोटीला याचे छोटे भाऊबंद दिसतात, आणि सहलीहून परतताना आपण पिशवीभर शंख घरी नेतो. प्रत्येक चांगला शंख म्हणजे कोणाचं तरी पुढचं घर. ते नेल्यावर मागे काय उरतं? जगभरातल्या किनाऱ्यांवर हे खेकडे आता प्लॅस्टिकची झाकणं पाठीवर घेऊन फिरताना दिसतात. जेनिफर लेव्हर्स आणि सहकाऱ्यांच्या अभ्यासानुसार हिंदी महासागरातली कोकोस बेटं आणि प्रशांत महासागरातलं हेंडरसन बेट मिळून सुमारे ५ लाख ७० हजार हर्मिट क्रॅब प्लॅस्टिकच्या कचऱ्यात अडकून मेले असावेत. आसरा किंवा अन्न शोधत खेकडा बाटलीत शिरतो आणि गुळगुळीत भिंतीवर नांगीला धरायला काहीच मिळत नाही. तो आत मरतो. त्या वासाने, शंख रिकामा झाला असेल या आशेने, दुसरा येतो, मग तिसरा.

ज्यांच्या घरी खेकडा आधीच आला आहे, त्यांना आता माघार नाही. कॅरिबियनचा खेकडा न्यू जर्सीच्या थंड समुद्राकाठी सोडून देणं म्हणजे त्याला मारणं. त्यापेक्षा तारेचा पिंजरा बाजूला ठेवून झाकणाची काचेची पेटी आणावी. आत सुमारे ८० टक्के आर्द्रता, २४ ते २८ अंशांची ऊब, गोड्या आणि खाऱ्या पाण्याची वेगवेगळी भांडी, न रंगवलेले थोडे मोठे शंख, जातभाईंची सोबत. वाळू आणि नारळाच्या भुशाचा थर इतका खोल हवा, की त्याला पूर्ण गाडून घेता यावं. कात टाकताना तो आठवडेच्या आठवडे खाली राहतो आणि तेव्हा मेला समजून उकरून काढलं तर खरंच मरतो. मुलाला एवढं सांभाळायला शिकवता आलं, तर शिकण्यासारखं पुष्कळ आहे. रात्री दिवा मंद करून तो चढतो कसा, खातो कसा, नवा शंख आधी नांगीने चाचपून मग झटकन घर कसं बदलतो, हे शेजारी बसून पाहता येतं. ज्या दिवशी त्याला हातात घेतलं नाही, त्या दिवशी चिमटा बसण्याची शक्यता शून्य असते. आणि त्याचंही काही अडत नाही.