फिरत्या विक्रेत्याचा स्वधर्म

ग्वाल्हेरच्या लष्कर भागात, म्हणजे दौलतराव शिंद्यांच्या १८१० च्या छावणीतून वाढलेल्या शहरात, दाना ओलीसारख्या पेठेत नमुन्यांची बॅग घेऊन दुकानोदुकानी ऑर्डरी गोळा करणाऱ्या विक्रेत्याला ‘हे सारे कशासाठी’ असा प्रश्न पडला, तर त्याच्यापुढे गीतेतील स्वधर्म, म्हणजे स्वभावानुसार वाट्याला आलेले आणि फळाची आसक्ती सोडून करायचे कर्तव्य, ठेवला जातो. परंतु महिन्याचे टार्गेट डोक्यावर असलेल्याला फळाची आसक्ती सोडायला सांगणे काहीसे निर्दयच ठरते.

महाभारताच्या शांतिपर्वातील तुलाधार हा वाणी त्याला अधिक जवळचा आहे. जटांत पक्ष्यांनी घरटे बांधेपर्यंत निश्चल उभा राहिलेला तपस्वी जाजली अहंकाराने फुगला, तेव्हा त्याला वाराणसीच्या या वाण्याकडे जावे लागले, आणि कोणाचाही द्रोह न करता, कपटावाचून माल विकणे व तराजू सर्वांसाठी सम ठेवणे हाच आपला धर्म असल्याचे त्याने जाजलीला सांगितले.

देहूच्या संत तुकारामांनी मात्र दुष्काळानंतर सावकारी सोडून लोकांची कर्जखते इंद्रायणीत बुडवली, अशी परंपरा आहे. पण त्याच परंपरेनुसार धाकट्या भावाच्या वाट्याची खते त्यांनी आधी त्याच्या हवाली केली, म्हणजे त्यांचे वैराग्य स्वतःच्या हिश्श्यापुरतेच होते, आणि ज्याच्या पगारावर घर चालते त्या विक्रेत्याने नोकरी सोडण्यापूर्वी नेमका हाच हिशेब करायचा असतो.