वाघ नाही दिसला तरी चालेल

३१ डिसेंबर २०२४ रोजी उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्यात, गोठणगाव फाटकाच्या बाजूला, एफ-२ ही वाघीण आपले पाच बछडे घेऊन रस्त्यावर आली आणि सफारीच्या जिप्सींनी तिला दोन्हीकडून अडवलं. पुढे जाता येईना, मागे वळता येईना. चित्रफीत सगळीकडे फिरली. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने स्वतःहून दखल घेतली. चालक आणि गाइड निलंबित झाले, दंड झाला. व्हायलाच हवा होता.

पण जिप्सीत चालक आणि गाइड मिळून दोघंच. बाकीची माणसं मागे बसलेली असतात आणि पैसे त्यांनी मोजलेले असतात. गाइड तर रोजचा. ती वाघीण त्याने कितीदा तरी पाहिलेली. तिच्या तोंडासमोर गाडी नेण्याची हौस त्याला कशाला असेल? हौस मागच्या सीटवर असते. 'भाऊ, जरा पुढे घ्या ना.' 'त्या गाडीतल्यांना बघा किती जवळून मिळतंय.' 'एवढ्या लांबून आलोय हो आम्ही.' ही वाक्यं सफारीत एकदाही कानावर आली नाहीत असा माणूस विदर्भात सापडणं कठीण. नियम मोडतो गाइडच्या हातून, मोडायला लावते मागची सीट. आणि कारवाईचा कागद सहसा पुढच्या सीटवरच थांबतो.

आमच्या कोराडी-खापरखेडा पट्ट्यातल्या लोकांना पेंच म्हणजे घरचं जंगल. कामठीवरून मनसर, तिथून पवनी आणि सिल्लारी. नाहीतर पारशिवनीवरून कोलितमारा. पहाटे अंधारात निघालं की फाटक उघडायच्या आत पोचता येतं. १९७५ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालेलं हे जंगल जेमतेम २५७ चौरस किलोमीटरचं, १९९९ मध्ये व्याघ्र प्रकल्प झालं. साग, ऐन, बिजा, मोह, आणि मधूनच पांढरा सोट कुलू. सृष्टिसौंदर्य शोधायला कुठं जावं लागत नाही, ते रस्त्याच्या दोन्ही अंगांना उभं असतं. तरीही परतणाऱ्या गाडीला जाणारी गाडी एकच प्रश्न विचारते: दिसला का? काय दिसला, हे विचारावं लागत नाही.

गाइड बहुतेक आसपासच्या गावांतली मुलं. मोहफुलं वेचणारी, तेंदूपत्त्याच्या हंगामात आईबापांबरोबर पुडे बांधणारी. त्यांना नंबराप्रमाणे गाडी मिळते, फेरीमागे ठरलेले पैसे मिळतात, आणि त्यावर जे काही सुटतं ते बक्षिसीतून. इथेच खरी मेख आहे. बक्षिसी फेरी संपल्यावर दिली जाते आणि ती कळत-नकळत वाघाला बांधलेली असते. वाघ दिसला की पाचशेची नोट, नाही दिसला तर 'थँक यू' आणि लांबट चेहरा. ज्याच्या घरचं तेल-मीठ त्या नोटेवर थोडंफार अवलंबून आहे, त्याने वाघाची चाहूल देणारा प्राण्यांचा कॉल ऐकू आल्यावर गाडी हळू न्यावी, दुसरी गाडी आधीच उभी असेल तर मागे थांबावं, अशी अपेक्षा आपण कोणत्या तोंडाने करतो?

राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाची मार्गदर्शक तत्त्वं २०१२ पासून आहेत. प्राण्यापासून किमान २० मीटर अंतर, दोन गाड्यांत ५० मीटर, एका गाडीने वाघापाशी १५ मिनिटांपेक्षा जास्त रेंगाळायचं नाही, घेरायचं तर मुळीच नाही. त्याच वर्षी जुलैमध्ये सर्वोच्च न्यायालयाने व्याघ्र प्रकल्पांच्या कोअर भागातलं पर्यटन काही काळ थांबवलंच होतं. ऑक्टोबरमध्ये बंदी उठली ती ही तत्त्वं आली म्हणून, आणि पर्यटन कोअरच्या जास्तीत जास्त २० टक्क्यांत बसवायचं या अटीवर. म्हणजे जिप्सीतली आपली जागा हा हक्क नाही, सोय आहे आणि ती एकदा काढूनही घेतली गेली होती. हे सगळे आकडे गाइडला पाठ असतात. त्याची परीक्षा घेऊनच त्याला गणवेश दिलेला असतो. आकडे आपल्याला पाठ नसतात, कारण आपली परीक्षा कोणी घेत नाही.

पुण्याहून किंवा मुंबईहून आलेलं कुटुंब म्हणेल, तुमचं ठीक आहे, तुम्ही पुढच्या रविवारी परत याल. आमची रजा, रेल्वेचं आरक्षण, रिसॉर्टचं भाडं, दोन फेऱ्यांची जिप्सी. मुलांना एक वाघ दाखवावा एवढीच तर इच्छा. इच्छेत गैर काहीच नाही. मलाही वाघ पाहायला आवडतो, आणि ज्याला आवडत नाही त्याच्यावर माझा विश्वास नाही. गैर आहे ते इच्छेचं येणं होणं, आपण पैसे भरले म्हणजे जंगल आपलं देणेकरी झालं असं वाटणं. कोराडीच्या जगदंबेला नवरात्रात लोक तासन्‌तास रांगेत उभे राहतात, गाभाऱ्यासमोर दोन क्षण मिळतात, आणि पुढे सरकताना कोणी पुजाऱ्याकडे पैसे परत मागत नाही. तीच माणसं जिप्सीत बसली की पावती डोळ्यासमोर धरतात.

गाडीत बसताना म्हणून ठेवावं, 'दादा, वाघ नाही दिसला तरी चालेल, तुम्हाला जे दाखवावंसं वाटतं ते दाखवा.' आणि बक्षिसी त्याच वेळी द्यावी. मी हे एका गाइडला सांगितलं तेव्हा तो हसला. म्हणाला, 'साहेब, आधी देतो म्हणणारा शेवटी जास्तच मागतो.' त्याचा अनुभव त्याच्यापाशी. पण असं म्हटल्यावर गाडीचा वेग खरोखर उतरतो, हेही पाहिलं आहे. मग सागाचं कोवळं पान तळहातावर चोळून लाल रंग दाखवला जातो. अस्वल मधासाठी चढलं त्या खोडावरचे नखांचे ओरखडे दिसतात. वानर वरून पाला टाकतं आणि खाली चितळं तो खातात, वानराला वरून बिबट्या आधी दिसतो आणि चितळाला खाली वास आधी येतो, अशी ती भागीदारी समजते. मोहाच्या कोणत्या झाडाखाली त्याची आजी वेचायला यायची, तेही कधी कधी निघतं. हे ज्ञान कोणत्याही प्रशिक्षणात मिळालेलं नाही, घरातून आलेलं आहे. आणि वाघाच्या घाईत ते तोंडातच राहतं. व्यंकटेश माडगूळकर नागझिऱ्यात मुक्काम करून राहिले आणि त्यातून पुस्तक झालं. तेवढी सवड आपल्याला नाही, कबूल. पण तीन-चार तास तर असतात.

इथपर्यंत गोष्ट शिष्टाचाराची झाली. कोराडीकराला तिथे थांबून चालणार नाही. आपल्या गावाचं वीज केंद्र १९७४ पासून चालू आहे, आणि कोराडी-खापरखेड्याच्या संचांनी इतकी वर्षं जे पाणी वापरलं त्यात पेंच प्रकल्पाचा मोठा वाटा आहे. तोतलाडोहला अडलेलं पाणी खाली नवेगाव खैरीला येतं, तिथून कालव्याने आणि नळाने आपल्याकडे. नागपूरच्या घराघरांतल्या पिण्याच्या पाण्याचा मोठा भागही तिथलाच. पुढे ६६० मेगावॉटच्या तीन नव्या संचांसाठी नागपूरचं सांडपाणी भांडेवाडीत शुद्ध करून वापरायची सोय झाली, ते चांगलंच झालं. पण जंगलाचं आपल्यावरचं ऋण काही त्याने फिटलेलं नाही. जिप्सीतून जो निळा विस्तार बघून आपण 'वा!' म्हणतो, तो जलाशय राष्ट्रीय उद्यानाच्या पोटात आहे, त्याच्या तळाशी जंगल आहे आणि काठावर एकेकाळी वस्त्या होत्या.

त्या लोकांची गोष्ट फाटकावरच्या फलकावर नाही. मध्य प्रदेशच्या बाजूने उद्यानाच्या हद्दीतून उठवलेल्या आदिवासींना तोतलाडोहात मासेमारीचे ३०५ परवाने दिले गेले आणि त्याविरुद्ध याचिका झाली. मार्च १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जंगल वाचलं पाहिजे आणि या माणसांच्या पोटाचाही विचार झाला पाहिजे असं म्हणत परवाने रद्द केले नाहीत, पण अटी घातल्या. छायाचित्राचं ओळखपत्र हवं. ठरलेल्या जागेवरूनच पाण्यात उतरायचं, उद्यानात दुसरीकडे जायचं नाही. काठावर चूल पेटवायची नाही, स्वयंपाकासाठीसुद्धा नाही. कचरा टाकायचा नाही. पुढची वर्षं तोतलाडोहाच्या मासेमारीवरून वनविभाग आणि गावकऱ्यांत झगडेही झाले, आणि त्यात सगळं खरं एकाच बाजूला होतं असं मला वाटत नाही. अनिर्बंध मासेमारीने जलाशयाचं आणि वन्यजीवांचं नुकसान होतं, हे खोटं नाही. तरी एक गोष्ट पचत नाही. ज्याची नदी होती त्याला आपला संयम देशाच्या सर्वात मोठ्या न्यायालयात सिद्ध करावा लागला. आपल्याकडून तोच संयम मागणारा फलक फाटकाशेजारी उभा असतो आणि आपण त्याच्यापुढे उभं राहून सेल्फी काढतो.

आपला आराम कोणाच्या तरी गैरसोयीवर उभा असतो, हे कळल्यावर माणसं दोन वाटांनी जातात. काही म्हणतात, मग जंगलात जायचंच नाही. मला हे पटत नाही. फाटकावरची फी, गाइडची फेरी, गावातला होमस्टे, चहाची टपरी, यांवर आज गावं चालतात. आणि डोळ्यांची वर्दळ असली की शिकाऱ्यालाही सोपं जात नाही. काही म्हणतात, फी भरली, हिशेब मिटला. हे त्याहून कमी पटतं. सेवाग्रामच्या प्रार्थनेत असंग्रहाचं व्रत आहे. वस्तूंचा साठा करू नये हे आपण निदान ऐकून तरी आहोत. दृश्यांचा साठा करू नये, हे मोबाइलच्या काळात कुणी सांगायला हवं. पाचशे फोटो काढून एकही न बघणारा माणूस आणि पाच पोती धान्य कोठीत कुजवणारा माणूस यांच्यात मला फार अंतर दिसत नाही.

पेंचमध्ये एक गोष्ट मात्र झाली आहे आणि ती कोराडीकराने मुद्दाम जाऊन पाहावी. जानेवारी २०२४ मध्ये महाराष्ट्रातल्या पेंचला 'डार्क स्काय पार्क' म्हणून आंतरराष्ट्रीय मान्यता मिळाली. भारतातलं हे पहिलंच. त्यासाठी सिल्लारी, पिपरिया, खापा अशा बफरमधल्या गावांतले शंभरावर दिवे बदलले गेले. दिवे बंद नाही केले. फक्त उजेड आभाळात न जाता जमिनीवर पडावा अशी तोंडं खाली वळवली. माणसाला रस्ता दिसतो, रात्रीच्या जिवांना अंधार मिळतो. आपल्या धुराड्यांखाली तयार झालेली वीज इतक्या शहाणपणाने वापरलेली मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

आकाशदर्शनाच्या रात्री दुर्बिणीपाशी रांग लागते. एकेक जण डोळा लावतो, बाजूला होतो, पुढच्याला जागा देतो. ढग आले तर 'आज नशिबात नाही' म्हणून लोक हसून खोलीवर जातात. शनी का दाखवला नाहीस म्हणून कोणी दुर्बीण लावून देणाऱ्या मुलाशी भांडत नाही, गुरूच्या चंद्रांना जवळ बोलाव असंही म्हणत नाही. आणि पहाटे साडेपाचला तीच माणसं स्वेटर-टोप्या घालून जिप्सीत चढतात आणि गाइडला विचारतात, 'काय भाऊ, आज दाखवणार ना नक्की?'