मूकपटातील स्त्री आणि भूमिकांची वाटणी

परंपरा आणि आधुनिकता यांच्या कात्रीत सापडलेली स्त्री अभ्यासक बहुधा मूकपटांच्या कथांत शोधतात. परंतु आपल्याकडच्या आरंभीच्या मूकपटांत, म्हणजे संवादाऐवजी पडद्यावर लिखित पाट्या दाखविणाऱ्या ध्वनिहीन चित्रपटांत, ही कात्री कथेच्याही आधी भूमिकांच्या वाटणीत दिसते.

दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती साकारली ती अण्णा साळुंके या पुरुषाने, कारण कॅमेऱ्यासमोर उभी राहण्यास कोणतीही स्त्री तयार झाली नाही. उपलब्ध रिळांतील जलक्रीडेच्या प्रसंगात ओलेत्या लुगड्यांत वावरणाऱ्या सख्याही पुरुषच आहेत. पतिव्रतेचा आदर्श तर उभा करायचा, पण त्यासाठी कुलीन स्त्रीने उंबरा ओलांडायचा नाही, असा तो पेच होता. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची किशोरवयीन कन्या कमला, म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, मोहिनी झाली. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाई अभिनयावर स्वतःचे आणि मुलीचे पोट भरत होत्या, आणि नेमक्या त्याच कारणाने प्रतिष्ठितांच्या नजरेतून उतरल्या होत्या. पडद्यावरील शिवपत्नीचे तेज परंपरेने बाहेर ढकललेल्या स्त्रीच्या श्रमातून आले, ही गोष्ट चित्रपटाच्या इतिहासात ओझरत्या उल्लेखापुरती उरावी, हा अन्यायच म्हटला पाहिजे.

नोकरदार, नागर स्त्रीचे चित्र मात्र दुसऱ्याच हाती गेले. पुण्यात जन्मलेल्या, ज्यू कुटुंबातील रूबी मायर्स, अर्थात सुलोचना, पूर्वी टेलिफोन ऑपरेटर होत्या; ‘टायपिस्ट गर्ल’ (१९२६) सारख्या चित्रपटांनी त्यांना कीर्ती दिली. घरातली साध्वी आपली आणि कचेरीतली बाई परकी, ही सोयीची विभागणी प्रेक्षकाला कोणताच प्रश्न विचारत नव्हती. चंदुलाल शहा यांच्या ‘गुणसुंदरी’त (१९२७) गोहर यांनी रंगविलेली गृहिणी पतीच्या स्वैरपणाला जाब विचारते, हा त्यातला मोलाचा अपवाद होय.

शांघायमध्ये मूकपट १९३० च्या दशकाच्या मध्यापर्यंत टिकला आणि तिथे हा पेच थेट कथाविषय झाला: आय श्या या अभिनेत्रीच्या आत्महत्येवर आधारलेल्या ‘नवी स्त्री’ (१९३५) या चित्रपटाची नायिका रुआन लिंगयू हिनेही वृत्तपत्री बदनामीने पिचून ८ मार्च १९३५ रोजी जीवन संपविले. मुंबईत ‘आलम आरा’मुळे १९३१ मध्येच पडदा बोलू लागला, आणि तोपर्यंत चेहऱ्यावर निभावलेल्या सुलोचनांना काम टिकविण्यासाठी हिंदुस्तानी बोलणे नव्याने शिकावे लागले.